कृपेच्या पायावर नगर उभे राहत नाही

अमेरिकेतील नॉर्थ कॅरोलायना राज्याच्या उत्तर सीमेवर वॉरन काउंटी नावाचा एक परगणा आहे. तेथील एका रस्त्यास 'लिबरेशन रोड', म्हणजे मुक्तिमार्ग, असे नाव आहे. ह्या रस्त्याच्या आसपास थोडी घरे आहेत, एक चर्च आहे, एका थोर माणसाची कबर आहे, आणि थोड्याच अंतरावर एक तुरुंग आहे. आज जेथे एवढेच दिसते, तेथे पन्नास हजार माणसांचे एक नवे नगर उभे राहावयाचे होते. त्या नगराचे नाव सोल सिटी. ते उभारण्याचा संकल्प ज्यांनी केला ते गुलामांचे वंशज होते, आणि ज्या भूमीवर ते उभारावयाचे होते ती भूमी एके काळी गुलामांच्या घामावर पिकणारा मळा होती.

हे नगर पुरे झाले नाही. ते का झाले नाही, ह्याचा विचार बौद्ध कुटुंबांनी अवश्य केला पाहिजे, असे आमचे मत आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे परमपूज्य बाबासाहेबांनी आपणांस जुन्या घरातून बाहेर काढले. जुने घर सोडणे हे धर्मांतराचे अर्धे काम होय. उरलेले अर्धे काम नवे घर बांधण्याचे आहे, आणि ते प्रत्येक नव्या बौद्ध कुटुंबाच्या वाट्यास येते. जे असे घर बांधावयास निघाले आणि मध्येच अडले, त्यांच्याकडून शिकण्यासारखे पुष्कळ आहे.

सोल सिटीची कल्पना फ्लॉइड मॅकिसिक ह्या कृष्णवर्णीय वकिलाची. त्यांचा जन्म १९२२ सालचा. दुसऱ्या महायुद्धात ते सैनिक म्हणून युरोपात लढले. परत आले तेव्हा त्यांच्याच राज्याच्या विद्यापीठातील कायद्याचे महाविद्यालय त्यांच्यासारख्यांस बंद होते. न्यायालयात दावा लढवून १९५१ साली ते दार त्यांनी व त्यांच्या सोबत्यांनी उघडले. पुढे १९६६ साली वांशिक समतेसाठी झगडणाऱ्या 'काँग्रेस ऑफ रेशियल इक्वालिटी' ह्या देशव्यापी संघटनेचे ते प्रमुख झाले. तोपर्यंत १९६४ चा नागरी हक्कांचा आणि १९६५ चा मतदानाच्या हक्काचा असे दोन मोठे कायदे झालेले होते. परंतु पाणवठा खुला झाला म्हणून शेत मिळत नाही, हे जसे आपणांस ठाऊक आहे तसेच ते मॅकिसिक ह्यांसही दिसू लागले होते. हॉटेलात बसण्याची मोकळीक मिळाली. हॉटेल मात्र दुसऱ्याचे, कारखाना दुसऱ्याचा, जमीन दुसऱ्याची, घरही दुसऱ्याचे.

ह्याच काळात दक्षिणेकडील खेडी रिकामी होत होती. १९१० ते १९७० ह्या साठ वर्षांत सुमारे साठ लक्ष कृष्णवर्णीय माणसे दक्षिणेतील शेतशिवार सोडून उत्तरेच्या व पश्चिमेच्या शहरांत गेली. काही गोऱ्यांच्या जाचास कंटाळून गेली, काही कामाच्या शोधात गेली, आणि कापूस वेचण्याची यंत्रे आल्यावर उरलेल्यांचीही मजुरी बुडाली. शहरांत त्यांना मिळाली ती दाटीवाटीची, मोडकळीस आलेली घरे. साठीच्या दशकात त्या वस्त्यांत आगी भडकल्या. गावातील जाचातून सुटण्यासाठी मुंबईची चाळ गाठणाऱ्या आपल्या वाडवडिलांस ही हकिगत परकी वाटली नसती. मॅकिसिक ह्यांनी ह्या प्रश्नास उलट दिशेने हात घातला. जेथून माणसे पळून जातात तेथेच नगर वसवावे, म्हणजे कोणासही पळावे लागणार नाही, असा त्यांचा विचार होता. त्यासाठी त्यांनी निवडला तो वॉरन परगणा. तेथील बहुसंख्य लोक कृष्णवर्णीय होते, आणि राज्यातील अत्यंत दरिद्री परगण्यांत त्याची गणना होत असे.

जानेवारी १९६९ मध्ये त्यांनी आपली योजना जाहीर केली. बँकेचे कर्ज काढून सुमारे १,८०० एकर जमीन विकत घेतली. पुढे नियोजित क्षेत्र सुमारे ५,००० एकरांवर गेले. त्या जमिनीवर जुन्या मळेमालकाचा वाडा उभा होता, तो पाडला नाही. नगराच्या आखणीस जे तरुण लागले त्यांत हार्वे गँट हे वास्तुविशारद होते. क्लेमसन महाविद्यालयात १९६३ साली प्रवेश मिळविणारे पहिले कृष्णवर्णीय विद्यार्थी ते हेच. आराखड्यात एकच दाट शहर नव्हते. अनेक लहान वस्त्यांचा समूह होता, आणि प्रत्येक वस्तीच्या मध्यभागी सार्वजनिक सोयी होत्या. घरापासून शाळेपर्यंत आणि दुकानापर्यंत पायी जाता यावे, झाडी राहावी, कारखान्यांसाठी वेगळे क्षेत्र असावे, आणि तीस वर्षांत पन्नास हजारांची वस्ती व्हावी, अशी ती कल्पना होती. नगर कृष्णवर्णीयांनी उभारावयाचे, परंतु राहण्यास मात्र सर्व वर्णांस मुभा, हे मॅकिसिक ह्यांनी पहिल्या दिवसापासून सांगितले व शेवटपर्यंत सांगत राहिले.

पैसा कोठून आणावयाचा? नवी नगरे वसविणाऱ्यांच्या कर्जरोख्यांस केंद्र शासनाने हमी द्यावी, असा कायदा अमेरिकेत १९७० साली झाला होता. त्या कायद्याखाली गृहनिर्माण व नगरविकास खात्याने १९७२ साली सोल सिटीस १ कोटी ४० लक्ष डॉलरांपर्यंतची हमी मंजूर केली. वाचकांनी येथे एक गोष्ट नीट ध्यानात घ्यावी. हे दान नव्हते. हे कर्ज होते, आणि ते जमिनीचे भूखंड विकून फेडावयाचे होते. शासन केवळ जामीन राहिले होते. तरीही त्या जामिनाची किंमत मॅकिसिक ह्यांस द्यावी लागली. त्याच वर्षी त्यांनी रिपब्लिकन पक्षात प्रवेश केला आणि अध्यक्ष निक्सन ह्यांच्या फेरनिवडीस जाहीर पाठिंबा दिला. त्यांच्या जुन्या सहकाऱ्यांपैकी पुष्कळांना ते रुचले नाही. आपले नगर उभे राहावे म्हणून त्यांनी तो बोल सोसला.

मग काम सुरू झाले. पहिले काम अर्थातच जमिनीखालचे होते. सरोवराचे पाणी शुद्ध करून नळाने आणण्याची योजना शेजारच्या परगण्यांना बरोबर घेऊन उभारली गेली. सांडपाण्याची सोय झाली. रस्ते झाले. 'हेल्थको' नावाचा दवाखाना उघडला, आणि ज्या खेड्यापाड्यांत डॉक्टर दुर्मीळ होते तेथील गोरे-काळे सर्वच रुग्ण तेथे येऊ लागले. 'सोल टेक वन' नावाची कारखान्याची पहिली इमारत उभी राहिली. काही घरे झाली, मुलांसाठी पोहण्याचा तलाव झाला. मुक्तिमार्गावर माणसे राहावयास आली.

ह्यापुढे काय झाले ते थोडक्यात सांगतो. १९७२ च्याच निवडणुकीत नॉर्थ कॅरोलायनामधून जेसी हेल्म्स हे सिनेटवर निवडून आले. ते नागरी हक्कांच्या कायद्यांचे उघड विरोधक होते. सोल सिटीवर शासनाचा पैसा खर्च होऊ नये, हे त्यांनी कधी लपविले नाही. १९७४ साली निक्सन ह्यांस राजीनामा द्यावा लागला, आणि ज्यांच्या आधारावर मॅकिसिक विसंबले होते तो आधारच गेला. १९७५ साली राज्याच्या राजधानीतील एका मोठ्या दैनिकाने सोल सिटीच्या कारभारावर आरोपांची मालिका छापली. हेल्म्स ह्यांनी चौकशीची मागणी केली. अमेरिकन काँग्रेसच्या हिशेबतपासनिसांनी वह्या तपासण्यात कित्येक महिने घालविले, आणि तोवर पुढील पैसा अडून राहिला. वर्षअखेर निष्कर्ष आला. कारभारात काही उणिवा दाखविल्या गेल्या, परंतु गंभीर गैरव्यवहार आढळला नाही.

निर्दोष ठरूनही नुकसान व्हावयाचे ते झालेच. ज्या नगरावर चौकशी चालू आहे त्या नगरात कारखाना घालण्यास कोण पुढे येणार? त्यातच १९७३ च्या तेलटंचाईनंतर अमेरिकेत मंदी आलेली होती. कारखाना नाही म्हणून माणसे येत नाहीत, आणि माणसे नाहीत म्हणून कारखाना येत नाही, अशा फेऱ्यात सोल सिटी सापडली. मंजूर झालेली हमीही पुरी हाती आली नाही. जून १९७९ मध्ये गृहनिर्माण खात्याने हात काढून घेतला. तेव्हा नगरात राहत होती जेमतेम शे-दीडशे माणसे. पुढे बहुतेक जमीन शासनाच्या ताब्यात गेली. हमी मंजूर झाली तेव्हा रिपब्लिकन अध्यक्ष होते आणि काढून घेतली गेली तेव्हा डेमोक्रॅटिक अध्यक्ष होते, हेही लक्षात ठेवण्यासारखे आहे.

आता ह्यातून बोध काय घ्यावयाचा? ज्यांना दलितांचे काही पुरे होणे पाहवत नाही, ते तत्काळ म्हणतील, 'पाहा, ह्यांना संधी दिली, जमीन दिली, कर्ज दिले, तरी ह्यांना जमले नाही.' हे वाक्य आपल्या परिचयाचे आहे. शाळेत, कचेरीत, सहकारी सोसायटीत, सर्वत्र आपण ते ऐकले आहे. त्याचे उत्तर आकड्यांनी देता येते. १९७० च्या त्या कायद्याखाली अमेरिकेत एकूण तेरा नव्या नगरांस हमी मिळाली. तेरांपैकी टेक्सास राज्यातील वुडलँड्स हे नगर खऱ्या अर्थाने उभे राहिले, बाकीच्यांपैकी बहुतेक आर्थिक दृष्ट्या कोसळली. सोल सिटी सोडली तर ही नगरे गोऱ्या व्यावसायिकांच्या हाती होती. ती बुडाली म्हणून 'गोऱ्यांस नगर वसविता येत नाही' असा निष्कर्ष कोणी काढला आहे काय? गोरा बुडाला तर बाजार वाईट होता, आणि काळा बुडाला तर काळा नालायक होता! जातीच्या तराजूत आणि वर्णाच्या तराजूत वजने अशीच खोटी असतात.

तेव्हा लायकीचा प्रश्न आम्ही बाजूला ठेवतो. आमच्या मते खरी उणीव पायात होती, आणि तो पाया कृपेचा होता. कायदा होता हे खरे. पण त्या कायद्यात सोल सिटीचा हक्क नव्हता. हमी द्यावी की न द्यावी, किती द्यावी, केव्हा थांबवावी, हे खात्याच्या मर्जीवर होते. आणि मर्जी नेहमी सत्तेबरोबर फिरते. एक अध्यक्ष गेला, एक सिनेटर आला, एका वर्तमानपत्राने रान उठविले, एवढ्याने गुलामांच्या वंशजांचे दहा वर्षांचे कष्ट वाऱ्यावर गेले. मॅकिसिक ह्यांच्याविषयी पूर्ण आदर राखून आम्हांस म्हणावेसे वाटते की, हक्क मिळविण्यात ज्याने आयुष्य वेचले त्या पुरुषाने नगर उभारताना मात्र कृपेवर भरवसा ठेवला. ती कृपा मिळविण्यासाठी त्यांनी आपले राजकीय स्वातंत्र्य गहाण टाकले, आणि धनको बदलताच गहाण बुडाले.

आपल्या समाजातही असे एक नगर आहे, जे कागदावरून जमिनीवर उतरलेच नाही. जुलै १९४२ मध्ये नागपूर येथे अखिल भारतीय दलित वर्ग परिषद भरली, आणि तेथेच शेड्युल्ड कास्ट्स फेडरेशनची स्थापना झाली. हिंदू गावांपासून वेगळ्या, स्वतंत्र अशा आपल्या वसाहती व्हाव्यात, अशी मागणी त्या परिषदेने केली. गावगाड्यात ज्याला जमीन नाही, ज्याचे पोट स्पृश्यांच्या दारावर अवलंबून आहे, त्याला मताचा हक्क मिळाला तरी तो वापरण्याची मोकळीक नाही, हे बाबासाहेबांनी ओळखले होते. पुढे १९४७ साली 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' ह्या निवेदनात त्यांनी ही मागणी अधिक नेमकी केली. पडीक सरकारी जमीन ताब्यात घेऊन, लागेल तेथे खासगी जमीन विकत घेऊन, अस्पृश्यांच्या वसाहती वसविण्यासाठी एक वसाहत आयोग नेमावा, अशी ती मागणी होती.

मॅकिसिक ह्यांच्या योजनेत आणि बाबासाहेबांच्या योजनेत साम्य आहे हे कोणासही दिसेल. परंतु जो फरक आहे तो अधिक महत्त्वाचा आहे. बाबासाहेबांनी हा आयोग कोणा मंत्र्याकडे किंवा खात्याकडे मागितला नाही. तो संविधानात घालावा, असे त्यांनी मागितले. मंत्री बदलला तरी बदलणार नाही, निवडणुकीत बहुमत फिरले तरी फिरणार नाही, अशा ठिकाणी त्यांस तो हवा होता. घटना समितीने ती मागणी स्वीकारली नाही, आणि आपल्या स्वतंत्र वसाहती झाल्या नाहीत. पण मागण्याची जी रीत बाबासाहेबांनी घालून दिली तिचे मोल त्यामुळे कमी होत नाही. मागावयाचे ते हक्क म्हणून मागावे, आणि तेही जेथून काढून घेणे कठीण अशा जागी लिहून घ्यावे, हीच ती रीत होय.

ही रीत सोडली म्हणजे काय होते ते धर्मांतरित कुटुंबांनी स्वतः अनुभवले आहे. १९५६ साली आपण बौद्ध झालो. आपली गरिबी तीच राहिली, गावातील बहिष्कार तोच राहिला, मुलांच्या पायांत वहाणा नव्हत्या त्या नव्हत्याच. परंतु अनुसूचित जातींची यादी राष्ट्रपतींच्या आदेशाने ठरत असे, आणि त्या आदेशात बौद्धांस जागा नव्हती, म्हणून केंद्र शासनाच्या सवलती बंद झाल्या. राज्य शासनाने काही सवलती दिल्या. केंद्राचे दार उघडण्यास १९९० साल उजाडावे लागले. चौतीस वर्षे! ह्या अवधीत एक संपूर्ण पिढी शाळेतून बाहेर पडून म्हातारी होऊ लागली. संविधानाने दिलेला समतेचा हक्क एका रात्रीतही हिरावला गेला नाही. आदेशातली सवलत मात्र धर्म बदलताच गेली.

येथे कोणी विचारील, 'मग शासनाचा पैसा घ्यावयाचाच नाही काय? सर्व काही वर्गणीवर चालवावयाचे काय?' असे आमचे म्हणणे मुळीच नाही. शासनाचा पैसा हा आपल्या घामाचाही पैसा आहे. ज्या समाजाकडून शतकानुशतके फुकट श्रम घेतले गेले, त्याला सार्वजनिक तिजोरीतून वाटा मिळणे हा न्याय होय. दादासाहेब गायकवाड ह्यांच्या नेतृत्वाखाली १९५९ साली आणि पुन्हा १९६४-६५ साली भूमिहीनांनी सत्याग्रह केले. पडीक जमीन कसणाऱ्यास द्या, असे म्हणत हजारो स्त्री-पुरुष तुरुंगात गेले. ते दया मागत नव्हते. पुढे २००४ साली महाराष्ट्रात त्याच दादासाहेबांच्या नावाने भूमिहीनांना ४ एकर कोरडवाहू किंवा २ एकर बागायती जमीन देण्याची योजना निघाली. तिचा लाभ ज्यांस मिळेल त्यांनी अवश्य घ्यावा. पण योजना आणि हक्क ह्यांतील अंतर विसरू नये. योजनेची तरतूद एका अंदाजपत्रकात असते आणि दुसऱ्यात आटते. अनुसूचित जातींसाठी राखलेला निधी त्यांच्यावरच खर्च व्हावा, ह्यासाठी आंध्र प्रदेश आणि कर्नाटक ह्या राज्यांनी २०१३ साली कायदे केले. योजनेकडून कायद्याकडे आणि कायद्याकडून संविधानाकडे, ह्याच दिशेने आपल्या मागण्यांचा प्रवास झाला पाहिजे.

दुसरा आक्षेप असा येतो की, आपले नगर, आपली वसाहत, आपले विहार असे वेगळे काही उभारणे म्हणजे फुटीरपणा होय. हाच आरोप मॅकिसिक ह्यांच्यावर झाला. नगर सर्वांस खुले आहे असे ते सांगत राहिले तरी त्यांच्या नगराचे नाव ऐकूनच लोक दूर सरत. आम्ही उलट विचारतो, गावकुसाबाहेर महारवाडा कोणी वसविला? तो वेगळेपणा आपण मागितला होता काय? ज्यांनी आपणांस वेगळे टाकले त्यांनीच आपण आपल्या पायांवर उभे राहू लागताच वेगळेपणाचा दोष द्यावा, ही मोठी विचित्र नीती आहे. दुसऱ्याने लादलेला वेगळेपणा म्हणजे बहिष्कार. स्वतः निवडलेल्या आणि सर्वांस दार उघडे ठेवणाऱ्या वस्तीस स्वावलंबन म्हणतात.

ज्या राज्यात सोल सिटी अर्धी राहिली त्याच राज्यात प्रिन्सव्हिल नावाचे एक लहानसे गाव आहे. यादवी युद्ध संपल्यावर १८६५ साली मुक्त झालेल्या गुलामांनी ते वसविले, आणि १८८५ साली त्यास गावाची कायदेशीर मान्यता मिळाली. नदीकाठची ती सखल, दलदलीची जमीन दुसऱ्या कोणास नको होती. आपल्याकडेही वस्तीसाठी जी जागा आपल्या वाट्यास येते ती अशीच असते, हे निराळे सांगावयास नको. त्या गावात पुष्कळदा पूर आले. १९९९ च्या महापुरात तर सारे गाव पाण्याखाली गेले. तरी ते गाव पुन्हा उभे राहिले. तेथे वास्तुविशारदांचा भव्य आराखडा नव्हता, पन्नास हजारांचे स्वप्न नव्हते. परंतु घरे राहणाऱ्यांची होती, आणि गावचा कारभार त्यांच्या मतांवर चालत होता. म्हणून एखादा सिनेटर रुसला तरी ते बुडाले नाही.

आता आपल्या वस्तीकडे वळू. आज खेडोपाडी हिंडताना अनेक ठिकाणी अर्धवट विहारे दिसतात. जोते झाले, भिंती झाल्या, आणि छताच्या जागी गंजलेल्या सळया आकाशाकडे तोंड करून उभ्या आहेत. चौकशी केली तर कळते की, निवडणुकीपूर्वी कोणा पुढाऱ्याने निधी देण्याचे वचन दिले, पहिला हप्ता आला, पुढारी पडला किंवा निवडून येऊन विसरला, आणि काम थांबले. ह्या सळया म्हणजे आपल्या घरची सोल सिटी होय. त्या खाली बसून दर पौर्णिमेस वंदना होते, आणि मुले विचारतात, 'विहार केव्हा पुरे होणार?' ह्या प्रश्नाचे उत्तर पुढाऱ्याकडे ठेवणे बौद्धास शोभत नाही.

म्हणून तीन गोष्टी सुचवितो. पहिली गोष्ट जमिनीची. विहाराची जागा कोणाच्या नावावर आहे? सातबारा किंवा ग्रामपंचायतीचा उतारा काढून पाहावा. जागा एका माणसाच्या नावावर असेल तर ती सार्वजनिक विश्वस्त संस्था कायद्याखाली नोंदलेल्या संस्थेच्या नावे करून घ्यावी. अनाथपिंडिकाने जेतवनाची भूमी सुवर्णमुद्रा अंथरून विकत घेतली आणि ती संघास दिली, ही कथा आपण मुलांस सांगतो. त्या कथेत सोन्याइतकेच महत्त्व ह्याला आहे की, पुरे मोल चुकते झाल्यावर भूमीवर जुन्या धन्याचा हक्क उरला नाही. दुसरी गोष्ट हिशेबाची. सोल सिटीचे हिशेब स्वच्छ ठरले, पण चौकशीनंतर ठरले. तोवर फार उशीर झाला होता. आपल्या वर्गणीचा हिशेब दर महिन्यास भिंतीवर लागला पाहिजे, म्हणजे शत्रूस चौकशी मागण्यास तोंड राहणार नाही. तिसरी गोष्ट कामाच्या क्रमाची. जेवढा पैसा हाती आहे तेवढ्यात जे पुरे होऊन उपयोगी पडेल ते आधी बांधावे. दहा वर्षे अपुऱ्या राहणाऱ्या घुमटापेक्षा ह्या वर्षी पुरी होणारी अभ्यासिकेची एक खोली अधिक मोलाची. घुमट नको असे नव्हे. घुमट त्या खोलीवर चढावा.

बाबासाहेबांनी स्वतः ह्याच क्रमाने काम केले. स्वतंत्र वसाहतींची मागणी मान्य होण्याची वाट पाहत ते बसले नाहीत. १९४५ साली त्यांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली, १९४६ साली मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय सुरू केले, आणि १९५० साली मराठवाड्यात महाविद्यालय काढले, तेच पुढे मिलिंद महाविद्यालय. त्याचा परिसर म्हणजे नागसेनवन. तेथील इमारती कशा असाव्यात, झाडे कोणती लावावीत, ह्यात ते जातीने लक्ष घालीत. त्या परिसरातून बाहेर पडलेली मुले प्राध्यापक झाली, अधिकारी झाली, लेखक झाली. संस्था आपली होती, म्हणून सरकारे आली आणि गेली तरी शाळेची घंटा वाजत राहिली.

सोल सिटी मात्र सर्वस्वी व्यर्थ गेली असे कोणी समजू नये. जी नळयोजना तिच्यासाठी उभारली ती तिच्या पश्चातही शेजारच्या परगण्यांस पाणी देत राहिली. हार्वे गँट १९८३ साली शार्लट ह्या मोठ्या शहराचे पहिले कृष्णवर्णीय महापौर निवडून आले. सोल सिटी फाउंडेशनचे काम पाहणाऱ्या इव्हा क्लेटन १९९२ साली अमेरिकन काँग्रेसवर निवडून गेल्या. १९८२ साली शासनाने वॉरन परगण्यातच विषारी माती पुरण्याचे ठरविले, तेव्हा तेथील लोक रस्त्यावर आडवे झाले आणि पाचशेंहून अधिक जणांनी अटक करून घेतली. गरिबांच्या दाराशीच विष का टाकता, हा प्रश्न त्या लढ्यामुळे सगळ्या अमेरिकेपुढे उभा राहिला. नगर उभे राहिले नाही, पण ताठ मानेने उभे राहणारी माणसे त्या मातीत तयार झाली.

मॅकिसिक १९९१ साली वारले. त्यांस सोल सिटीच्याच भूमीत पुरले. त्यानंतर काही वर्षांनी त्याच भूमीवर राज्य शासनाने तुरुंग बांधला, आणि जी 'सोल टेक वन'ची इमारत मोकळ्या माणसांस काम देण्यासाठी बांधली होती तीत कैदी काम करू लागले. गुलामांचा मळा, मग मुक्तांचे नगर, आणि शेवटी तुरुंगाचा कारखाना! ज्या भूमीचा हक्क आपल्या हाती राहत नाही तिचे काय होते, हे ह्याहून स्पष्ट कोणी सांगू शकणार नाही.

बंधूंनो आणि भगिनींनो, मोठे स्वप्न पाहण्यास आम्ही कोणास मनाई करीत नाही. ज्यांच्या पूर्वजांस गावात पक्के घर बांधण्याची मुभा नव्हती, त्यांनी पन्नास हजारांचे नगर मनात बांधावे ह्यात दोष कसला? परंतु नगर मनात बांधून झाले की पहिली कुदळ मारण्यापूर्वी उतारा पाहावा, हिशेबाची वही उघडावी, आणि येणारा पैसा हक्काने येत आहे की कृपेने, हे स्वतःस विचारावे. कृपेने येत असेल तर तो घेताना त्याचे रूपांतर हक्कात करण्याचा लढा त्याच दिवशी सुरू करावा. येत्या पौर्णिमेस वंदना झाल्यावर आपल्या वस्तीतील विहाराचे कागद काढून सर्वांसमोर वाचावेत, एवढीच विनंती आहे. त्या वाचनास स्त्रियांस आणि मुलांसही बसवावे. घर त्यांचेही आहे.

जय भीम.